स्मारकालगतचे घर : दुरुस्ती की पुनर्बांधणी?

प्रश्न : आमचा जुना वाडा केंद्र सरकारच्या संरक्षित स्मारकाच्या तटाला जवळजवळ लागून आहे. मागची भिंत फुगली असून आढे वाकले आहे. सगळा वाडा उतरवून त्याच जोत्यावर, तेवढ्याच उंचीचा नवा बांधावा, असे धाकट्या भावाचे म्हणणे आहे. तशी परवानगी मिळेल का?

उत्तर : नाही. भावाची सूचना निरुपद्रवी वाटली, तरी कायद्याच्या दृष्टीने ती ‘पुनर्बांधणी’ ठरते. १९५८ च्या प्राचीन स्मारकविषयक कायद्यात २०१० साली झालेल्या दुरुस्तीनुसार, संरक्षित हद्दीपासून १०० मीटरपर्यंतचे क्षेत्र प्रतिबंधित आणि त्यापुढील किमान २०० मीटरचे विनियमित असते. लांबी-रुंदी आणि उंची जुनीच ठेवून केलेल्या पुनर्बांधणीलाही केवळ दुसऱ्या पट्ट्यात परवानगी मिळू शकते. पहिल्या पट्ट्यात, म्हणजे तुमच्याकडे, फक्त दुरुस्ती व नूतनीकरण करता येते, आणि तेही वाडा १६ जून १९९२ पूर्वीचा असेल किंवा नंतर रीतसर मंजुरीने बांधलेला असेल तरच. हे अंतर स्मारकाच्या भिंतीपासून नव्हे, तर संरक्षित हद्दीच्या रेषेपासून मोजतात, त्यामुळे तटाबाहेरची मोकळी जागाही हद्दीत आहे का, हे आधी नकाशावर पाहून घ्यावे.

म्हणून वाडा पाडू नका. एकदा तो जमीनदोस्त झाला की दुरुस्त करण्याजोगे काही उरत नाही, आणि पुण्यात शनिवारवाड्याभोवतीचे रहिवासी याच पेचामुळे वर्षानुवर्षे सवलत मागत आहेत. स्मारक जपण्यासाठी केलेला नियम शेजारची जुनी घरे मोडकळीला आणतो, ही तक्रार मला रास्त वाटते. पण नियम बदलेपर्यंत तो पाळावाच लागेल, कारण विनापरवाना बांधकामाला दोन वर्षांपर्यंत कैद, एक लाख रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकते.

अर्ज सक्षम प्राधिकाऱ्याकडे, म्हणजे या कामासाठी केंद्र सरकारने नेमलेल्या पुरातत्त्व अधिकाऱ्याकडे, करावा लागतो. त्यात ‘वाड्याची दुरुस्ती’ असे मोघम न लिहिता आढे, वासे, कौले आणि भिंतीचा नेमका फुगलेला भाग छायाचित्रांसह दाखवावा व कशाला हात लावणार नाही तेही नमूद करावे. वाड्याच्या वयाचा पुरावा म्हणून घरपट्टीच्या जुन्या पावत्या, मिळकत पत्रिका वगैरे जोडावे. राष्ट्रीय स्मारक प्राधिकरणाकडे प्रकरण गेल्यास निर्णयाला काही महिने लागू शकतात, तेव्हा तोवर भिंतीला टेकू द्यायचा असल्यास तेही सक्षम प्राधिकाऱ्याच्या कार्यालयाला लेखी कळवून करावे.