वाचक विचारतात : त्रोनेर यांचं न संपणारं ऑफिस

प्रश्न : 'द अपार्टमेंट' (1960) या हॉलिवूडपटातलं ऑफिस एवढं अफाट दिसतं. स्टुडिओ खरंच तेवढा मोठा होता का?

उत्तर : नाही. फ्रेंच कलादिग्दर्शक अलेक्सांद्र त्रोनेर यांनी केलेली ती नजरबंदी आहे. पुढची टेबलं नेहमीच्या मापाची, मागची लहान लहान होत गेलेली. मागच्या टेबलांवर आधी ठेंगणे लोक, मग मुलं, आणि शेवटी नुसत्या कापलेल्या आकृत्या. या कामासाठी त्यांना ऑस्कर मिळालं.

यात कल्पकतेइतकंच गणित आहे. समजा, कॅमेऱ्यापासून 20 मीटरवरची वस्तू 40 मीटरवर भासवायची आहे. मग तिथली मापं निम्मी हवीत : 76 सेंमी उंचीचं टेबल 38 सेंमीचं होईल. कॅमेरा 150 सेंमी उंचीवर असेल, तर तिथली जमीन 75 सेंमी वर उचलावी लागेल आणि 3 मीटरवरचं छत तेवढंच खाली आणावं लागेल. म्हणजे त्या टोकाला माणूस ताठ उभा राहू शकत नाही!

नवखे चुकतात ते टेबलांमधल्या अंतरात. शेजारच्या दोन टेबलांमधलं अंतर तिथे निम्मं होतं, पण एका रांगेपासून मागच्या रांगेचं अंतर कितीतरी जास्त आटतं. कॅमेऱ्यापासून 5 मीटरवर जमिनीचा चढ सुरू केला, तर 20 मीटरवर एक मीटरच्या जागी जेमतेम 21 सेंमी उरतात. हे विसरलं की मागच्या रांगा विरळ दिसतात आणि फसवणूक उघडी पडते.

शिवाय हा देखावा एकाच जागेवरून खरा दिसतो. कॅमेरा बाजूला सरकला की रेषा मोडतात, आणि नट मागे चालत गेला की राक्षस होतो. सगळं पुढपासून मागपर्यंत स्पष्ट हवं, म्हणून लेन्सचं छिद्र बारीक ठेवायचं आणि प्रकाश भरपूर द्यायचा.

प्रश्न : त्रोनेर हॉलिवूडमध्ये कसे पोहोचले?

उत्तर : जन्म बुडापेस्टचा, 1906 चा, शिक्षण चित्रकलेचं. 1929 मध्ये ते पॅरिसला आले आणि कलादिग्दर्शक लाझार मीरसन यांचे साहाय्यक झाले. 1938 च्या 'ओतेल द्यु नोर' या चित्रपटासाठी त्यांनी पॅरिसमधल्या सँ-मार्तँ कालव्याचा काठ बियांकूर स्टुडिओजवळ उभारला. युद्धकाळात ज्यू म्हणून त्यांना लपून राहावं लागलं, तरी 'लेझाँफाँ द्यु पारादी' या चित्रपटाचे सेट त्यांनीच आखले. उघडपणे काम सांभाळलं कलादिग्दर्शक लेऑं बार्साक यांनी. 'द अपार्टमेंट'चे दिग्दर्शक बिली वाइल्डर यांनी आधीचा 'लव्ह इन द आफ्टरनून' (1957) पॅरिसमध्ये केला तेव्हा दोघांची जोडी जमली आणि पुढे बरीच वर्षं टिकली. 'सबवे' (1985) या चित्रपटासाठी सेझार हा फ्रेंच चित्रपट पुरस्कार मिळाला तेव्हा त्रोनेर ऐंशीच्या उंबरठ्यावर होते.