वाचकांचे प्रश्न : ‘काळऊर्जा’वर मोटरपंप चालेल का?

प्रश्न : हरभऱ्याला ओलीत करायचं तर आमच्या फीडरवर थ्री फेज लाइन बरेचदा रात्रीच असते. गावात एक जण ‘काळऊर्जा जनित्र’ विकतो आहे. बॅटरीनं मोटर फिरते, मोटर ५० किलोचं दोन फुटी चाक १५०० आरपीएमवर फिरवते, चाक अल्टरनेटरला फिरवतं. अल्टरनेटर बॅटरीही भरतो आणि ५ एचपीचा पंपही चालवतो, असं तो सांगतो. जास्तीची ऊर्जा म्हणे ‘काळातून’ येते. ९ वॅटचा बल्ब तीन दिवस जळताना आम्ही पाहिला. ८० हजार मागतो. घ्यावं का?
– एक शेतकरी, ता. घाटंजी, जि. यवतमाळ

उत्तर : घेऊ नका. इसार दिला असेल तर आजच परत मागा.

५ एचपी म्हणजे शाफ्टवर ३.७ किलोवॅट. मोटरमधली घट धरून पंप साडेचार किलोवॅटच्या आसपास वीज ओढतो. तुम्ही लिहिलेल्या चाकात पूर्ण वेगाला सुमारे २८ किलोज्यूल ऊर्जा असते. भागाकार करा : सहा सेकंद. तेवढ्यात विहिरीतलं पाणी धुऱ्यापर्यंतही पोचणार नाही. चाक ऊर्जा साठवतं, तयार करत नाही. वर प्रत्येक टप्प्यावर गळती आहेच. मोटर ८५ टक्के, पट्टा ९५, अल्टरनेटर ८५ असं चांगलं सामान धरलं तरी १०० टाकले की ६८ परत येतात. दुसऱ्या फेरीला ४७, तिसरीला ३२.

मग बल्ब तीन दिवस कसा जळला? १२ व्होल्ट १५० एएचच्या भरलेल्या बॅटरीत १.८ युनिट असतात. त्यातले निम्मेच वापरले आणि ९ वॅटचा डीसी बल्ब थेट लावला, तरी १०० तास निघतात. त्यात काळाचा काही वाटा नाही.

विकणाऱ्याला पाणी तापवायला सांगा. यंत्र लाकडी बाजेवर ठेवा, म्हणजे खालून वायर येणार नाही, आणि एक किलोवॅटचा रॉड लावा. २० लिटरची बादली २५ अंशांवरून ६५ अंशांवर न्यायला ०.९३ युनिट लागतं, म्हणजे साधारण तासभर. त्याच्याकडून ओळीनं दहा बादल्या मागा. बॅटरी दोन बादल्यांतच संपेल. बल्ब, मोबाइल चार्जर, टेबलफॅन चालवून दाखवला तर ती परीक्षा मोजू नका.

पैशापेक्षा जिवाची काळजी जास्त आहे. त्या चाकाची कड ताशी १७० किलोमीटरनं फिरते. जुन्या इंजिनाचं बिडाचं चाक काढून, बॅलन्स न करता, वेल्डिंगच्या फ्रेमवर बसवलेलं असतं. बिडात बारीक चीर असली तर वाकत नाही, एकदम फुटतं. ‘अजून स्पीड दिला की चालेल’ म्हणून वेग दुप्पट केला की चाकावरचा ताण चौपट होतो. बॅटरी भरताना हायड्रोजन निघतो, हवेत तो ४ टक्के झाला की सैल टर्मिनलची एक ठिणगी पुरते. हे यंत्र बंद खोलीत ठेवू नका, लेकरांजवळ तर मुळीच नको.

दिवसाच पाणी द्यायचं असेल तर ‘मागेल त्याला सौर कृषी पंप’ योजनेत अर्ज करा. सर्वसाधारण गटाला १० टक्के आणि अनुसूचित जाती-जमातीला ५ टक्के हिस्सा भरावा लागतो.

प्रश्न : असंच यंत्र घेऊन फसलो. त्यातला थ्री फेज अल्टरनेटर चांगला आहे. डिझेल इंजिनावर बसवून लाइन गेल्यावर स्टार्टरच्या पेटीत वायर दिली तर?
– वाचक, ता. कारंजा, जि. वाशिम

उत्तर : इंजिनावर बसवा, अल्टरनेटरचं खरं काम तेच आहे. पण वायर थेट पेटीत देऊ नका. तुमची वीज सर्व्हिस वायरनं उलटी डीपीत, म्हणजे गावच्या ट्रान्सफॉर्मरमध्ये जाते आणि तिथून ११ हजार व्होल्ट होऊन खांबावर चढते. लाइन बंद आहे म्हणून वायरमन तारेला हात लावतो आणि जागीच जातो.

मध्ये चार पोलचा चेंजओव्हर स्विच बसवा : एका बाजूला महावितरणची लाइन, दुसऱ्या बाजूला अल्टरनेटर, मधल्या टर्मिनलवर पंप. न्यूट्रलही तुटला पाहिजे, म्हणून चार पोल. ‘मेन पाडून ठेवतो’ हा भरवसा नको, अंधारात घाईत माणूस विसरतो. अल्टरनेटरच्या बॉडीला वेगळं अर्थिंग द्या. मोटर थेट सुरू केली तर क्षणभर पाच ते सात पट करंट घेते, म्हणून ५ एचपीला साडेसात केव्हीए क्षमतेचा अल्टरनेटर अपुरा पडतो, साडेबाराचा बरा. जोडणी परवानाधारक इलेक्ट्रिशियनकडूनच करून घ्या.

प्रश्न : मुलं विचारतात, काळ आणि ऊर्जेचा काहीच संबंध नाही का?
– शिक्षक, जि. गडचिरोली

उत्तर : संबंध आहे आणि फार सुंदर आहे. एमी नोदर या जर्मन गणितज्ञ बाईंनी १९१८ साली प्रसिद्ध केलेल्या सिद्धांतातून दिसतं की निसर्गाचे नियम आज-उद्या सारखेच राहतात, म्हणूनच ऊर्जा कमीजास्त होत नाही. मुलांना पाण्याच्या टाकीवरून सांगा. हजार लिटर पाणी १० मीटर चढवायला ९८ किलोज्यूल लागतात, खाली येताना तेवढेच मिळतात. रात्री गुरुत्वाकर्षण कमी झालं असतं, तर रात्री स्वस्तात चढवून दिवसा पाडलं असतं आणि फुकटची वीज मिळाली असती. ‘काळातून ऊर्जा’ म्हणजे नेमकं हेच. पण गुरुत्वाकर्षण रात्री कमी होत नाही.

भास्कराचार्यांनीही ‘सिद्धांतशिरोमणी’त, ११५० च्या सुमारास, पारा भरलेल्या आऱ्यांचं आपोआप फिरणारं चाक लिहिलं आहे. विकणारे त्यांचं नाव घेतात. तेही चाक फिरत राहत नाही. भारताच्या १९७० च्या पेटंट कायद्याचं कलम ३(अ) निसर्गनियमांविरुद्धच्या दाव्याला पेटंट देत नाही.

शाळेच्या विज्ञान प्रदर्शनात सायकल उलटी ठेवा. मागचं चाक पॅडलनं वेगात आणून सोडा आणि थांबेपर्यंतचे सेकंद मोजा. मग टायरला डायनॅमो टेकवून, त्याचा दिवा लावून, तेवढ्याच वेगानं पुन्हा. सेकंद मुलांनाच मोजू द्या.