चाळीस माणसांसाठी खेकडे, तिसऱ्या (शिंपल्या) आणि कोळंबी एकाच टोपात कशी उकडावी?
देवगडला घरच्या कार्यानंतर चाळीस माणसांना हे तिन्ही एकाच टोपात उकडून वाढायचे आहे, असे आपण विचारले आहे. टोप एकच असला तरी सर्व जिन्नस एकदम टाकू नयेत, कारण सोबत घालायच्या बटाट्याला लागणाऱ्या वेळात कोळंबीचे रबर होते. माणशी कवचासह साधारण ३५० ग्रॅम, म्हणजे एकूण १४ किलो माल धरावा आणि तो दोन खेपांत शिजवावा. एवढा थंड माल एकदम पडला की पाण्याची उकळी बसते आणि ती परत येईपर्यंत वेळेचा सगळा हिशेब चुकतो.

पाण्यात दर लिटरला चहाचे दोन चमचे मीठ, ठेचलेला लसूण, हळद, मिरची आणि मूठभर आमसुले घालून ते खळखळू द्यावे. प्रथम अर्धे चिरलेले बटाटे, दहा मिनिटांनी खेकडे व मक्याचे तुकडे, आणखी दहा मिनिटांनी तिसऱ्या, आणि अगदी शेवटची तीन-चार मिनिटे कोळंबी घालावी. कोळंबी गुलाबी होऊन अर्धवर्तुळासारखी वळली की टोप लगेच उतरवून पाणी निथळावे. तिचे पूर्ण वेटोळे झाले असेल, तर उशीर झाला असे समजावे.

खेकडे जिवंतच घ्यावेत, मेलेला खेकडा फार लवकर खराब होतो. तिसऱ्यांची वाळू जाण्यासाठी त्या दोन तास मिठाच्या पाण्यात ठेवाव्यात आणि उकडूनही न उघडलेल्या टाकून द्याव्यात. यात वाटण घालण्याचा मोह मात्र आवरावा. ते सांबाऱ्यासाठी, म्हणजे रश्श्यासाठी, राखून ठेवलेले बरे.