वाचकांचे प्रश्न : अर्धचंद्र आणि सूर्याचं अंतर

प्रश्न : सूर्य चंद्रापेक्षा १८ ते २० पट दूर आहे, असं सामोसच्या ॲरिस्टार्कस या ग्रीक खगोलशास्त्रज्ञानं इ.स.पू. तिसऱ्या शतकात काढलं. खरा आकडा ३९०च्या आसपास आहे. त्याची पद्धतच चुकली होती का? आणि पृथ्वी सूर्याभोवती फिरते हे त्याचं म्हणणं तेव्हा का मानलं गेलं नाही?

उत्तर : पद्धत बिनचूक होती. चंद्र बरोब्बर अर्धा उजळलेला असतो तेव्हा पृथ्वी-चंद्र-सूर्य या त्रिकोणात चंद्रापाशी काटकोन होतो. मग पृथ्वीवरून चंद्र आणि सूर्य यांमधला कोन कळला की अंतरांचं प्रमाण निघतं. ॲरिस्टार्कसनं तो ८७ अंश धरला. खरा आहे सुमारे ८९.८५. फरक तीन अंशांच्या आतला, पण काटकोनाजवळ तोच भारी पडतो. ८७ अंशांना उत्तर १९ पट येतं, ८८ला २९, ८९ला ५७ आणि ८९.८५ला थेट ३९०च्या घरात.

चंद्र सूर्यापासून तासाला साधारण अर्धा अंश सरकतो. त्यामुळे शुक्ल पक्षात खरा अर्धचंद्र ९० अंशांच्या जेमतेम १८ मिनिटं आधी होतो. ८७ अंश धरले तर सहा तास आधी. उजेड-अंधाराची कड नेमकी कधी सरळ झाली, हे नुसत्या डोळ्यांना इतकं काटेकोर ठरवता येत नाही.

तुम्हाला करून पाहायचं असेल तर शुक्ल अष्टमी गाठा. त्या तिथीत चंद्र सूर्याच्या ८४ ते ९६ अंश पुढे असतो, म्हणजे ९० अंश साधारण तिथीच्या मध्यावर. मात्र पंचांगाचं गणित पृथ्वीच्या केंद्रावरून केलेलं असतं. जमिनीवरून पाहताना चंद्र जवळजवळ एक अंशापर्यंत सरकलेला दिसू शकतो, आणि आपण शोधतोय ०.१५ अंश!

चुकलेल्या कोनातूनही सूर्याचा व्यास पृथ्वीच्या सहा-सात पट निघाला (प्रत्यक्षात १०९ पट). एवढ्या मोठ्या गोळ्यानं लहान पृथ्वीभोवती का फिरावं, हा प्रश्न त्याला यातूनच पडला असावा, असं आम्हाला वाटतं. त्याच्या आज उपलब्ध असलेल्या ग्रंथात मात्र सूर्यकेंद्री मत नाही. ते आपल्याला आर्किमिडीजच्या लेखनातून कळतं.

विरोधकांचा आक्षेप रास्त होता. पृथ्वी फिरत असेल तर सहा महिन्यांच्या अंतरानं तारे किंचित सरकलेले दिसायला हवेत. ते दिसत नव्हते. तारे अफाट दूर आहेत, हे ॲरिस्टार्कसचं उत्तर होतं आणि ते बरोबर होतं, पण सिद्ध करायला साधन नव्हतं. १८३८ साली बेसेल या जर्मन खगोलशास्त्रज्ञानं ६१ सिग्नी या ताऱ्याचं लंबन (म्हणजे पृथ्वीच्या फिरण्यामुळे ताऱ्याचं असं सरकलेलं दिसणं) मोजलं, ते सुमारे ०.३ विकला भरलं (एक विकला म्हणजे अंशाचा ३६००वा भाग). आपल्या डोळ्यांची मजल ६० विकलांपर्यंतच जाते.