काळे ग्लोव्हज घातलेली ती बाई कोण?

प्रश्न: परवा रस मायरचा १९६५चा जुना ब्लॅक अँड व्हाइट पिक्चर बघितला, 'फास्टर, पुसीकॅट! किल! किल!'. त्यातली काळे ग्लोव्हज घालून भल्या दांडग्या पुरुषांना लोळवणारी वार्ला कोण? तिचे बाकी पिक्चर सापडतच नाहीत. (एक वाचक, नाशिक)

उत्तर: ती टुरा सटाना, आणि तिचे पिक्चर आहेतच मोजके. जन्म जपानमधल्या होक्काइडोचा, १९३८चा, युद्धात अमेरिकेने जपानी वंशाच्या लोकांना छावण्यांमध्ये डांबलं तेव्हा ही चिमुरडी मान्झानारच्या छावणीत होती, पुढे शिकागोत वाढली आणि अगदी कोवळ्या वयात क्लबमध्ये बर्लेस्क डान्स, म्हणजे स्टेजवर एकेक कपडा उतरवत करायचा नाच, करायला लागली. १९६३ला बिली वाइल्डरच्या पिक्चरमध्ये छोटासा रोल मिळाला, मग वार्ला. पैसे कमी, शूटिंग वाळवंटात, पण मारामारी तिची स्वतःची, कारण तिला मार्शल आर्ट्स खरंच येत होते! पाय रोवून उभी राहते ना, तिथे मला ती मुरलेली डान्सरच दिसते. पुढे टेड मिकेल्स या दिग्दर्शकाच्या स्वस्तातल्या पिक्चरमध्ये दिसली, १९७३च्या 'द डॉल स्क्वॉड'नंतर पडदा जवळजवळ सुटलाच, हॉस्पिटलमध्ये नोकरी केली. २०११ला अमेरिकेतल्या रेनो शहरात वारली. अशा बाईला मोठे रोल मिळाले नाहीत याचं मला फार वाईट वाटतं.