आरोग्य प्रश्नोत्तरे : लिंगओळख कोणत्या तपासणीत दिसते?

प्रश्न : माझं लेकरू सोळा वर्षांचं आहे. जन्मानं मुलगा, पण तीन वर्षांपासून ‘मी मुलगी आहे’ म्हणतंय. माझा भाऊ म्हणतो, हार्मोन कमी पडले असतील, लातूरला नेऊन तपासू, इंजेक्शनं दिली की ठीक होईल. सासूबाई देवऋषीकडे न्या म्हणतात. कोणती तपासणी करावी? – एक आई, औसा

उत्तर : ताई, यासाठी रक्ताची कोणतीच तपासणी नाही. टेस्टोस्टेरॉन, एलएच, एफएसएच या हार्मोनच्या तपासण्या करून आणल्या तर बहुतेक पारलिंगी (जन्मावेळचं लिंग आणि स्वतःची ओळख वेगळी असलेल्या) मुलांचे आकडे त्या वयाच्या इतर मुलांसारखेच येतात. गुणसूत्रांची तपासणी, म्हणजे कॅरिओटाइप, केली तरी बहुधा ४६ एक्सवायच, म्हणजे मुलांची नेहमीची गुणसूत्रंच, येईल. त्या तपासणीत दोन-तीन मिली रक्त घेऊन पेशी सुमारे तीन दिवस वाढवतात आणि गुणसूत्रं रंगवून मोजतात. त्यातून गुणसूत्रं कळतात, ओळख कळत नाही. चौदा वर्षांपर्यंत वयात येण्याची कोणतीच खूण दिसली नसेल तर या तपासण्या जरूर करा, पण त्याचं कारण वेगळं आहे.

भावाचं इंजेक्शन मात्र टाळाच. पातळी आधीच ठीक असताना वरून टेस्टोस्टेरॉन दिलं तर दाढी-मिशा लवकर येतात, आवाज फुटतो आणि शरीराची स्वतःची निर्मिती मंदावते. ‘मी कोण’ हे त्यानं बदलत नाही. फुटलेला आवाज परत बारीक होत नाही, आणि लेकराला नेमका त्याचाच त्रास होत असतो.

मानसोपचारतज्ज्ञ काय करतात? एकदा नाही, अनेकदा बोलतात. ही जाणीव किती काळापासून आहे, सातत्यानं आहे का, शरीरातले बदल सहन होतात का, झोप-जेवण-शाळा कशी चालली आहे, जीव नकोसा वाटतो का, हे विचारतात. अमेरिकी मानसोपचार संघटनेच्या निकषात ओळख आणि शरीर यांतली ही तफावत किमान सहा महिने असावी लागते. जागतिक आरोग्य संघटनेनं १ जानेवारी २०२२ पासून लागू झालेल्या आजार-वर्गीकरणात हा विषय मानसिक आजारांच्या प्रकरणातून काढून लैंगिक आरोग्याच्या प्रकरणात ठेवला आहे. कोणी ‘थेरपीनं बदलून देतो’ म्हणालं तर तिथून उठा. राष्ट्रीय वैद्यक आयोगानं २०२२ मध्ये असल्या उपचाराला व्यावसायिक गैरवर्तन ठरवलं आहे. देवऋषीकडे नेणं, जबरदस्तीनं केस कापणं, मोबाइल काढून घेणं यानं लेकरू फक्त बोलायचं बंद होतं. मोफत सल्ल्यासाठी टेली-मानसचा १४४१६ हा क्रमांक मराठीतही चालतो.

प्रश्न : आम्ही दहावीला एक्सएक्स म्हणजे मुलगी आणि एक्सवाय म्हणजे मुलगा असं शिकवतो. मग लिंगओळख कुठून येते? – एक शिक्षक, अंबाजोगाई

उत्तर : सर, तुम्ही शिकवता ते चूक नाही, पहिला टप्पा आहे. गर्भ पहिले सहा आठवडे दोन्ही बाबतींत सारखाच दिसतो. मग वाय गुणसूत्रावरचा एसआरवाय जनुक (हा १९९० मध्ये सापडला) वृषण घडवायला सुरुवात करतो, आठव्या आठवड्याच्या सुमारास टेस्टोस्टेरॉन स्रवू लागतं आणि बाराव्यापर्यंत बाह्य अवयवांना आकार येतो. मेंदूची जडणघडण त्यानंतरही कितीतरी महिने चालू राहते. दोन्हींची वेळ वेगळी, म्हणून दोन्हींची दिशाही क्वचित वेगळी होत असावी, असा एक कयास आहे. तो अजून सिद्ध झालेला नाही, वर्गात सांगाल तेव्हा कयास म्हणूनच सांगा.

‘जसं वाढवाल तशी ओळख’ हा जुना सिद्धांत मात्र टिकला नाही. कॅनडात १९६५ साली जन्मलेल्या डेव्हिड रायमरचं लिंग सुंताच्या वेळी जळालं. डॉक्टर जॉन मनी यांच्या सल्ल्यानं त्याला मुलगी म्हणून वाढवलं, पण चौदाव्या वर्षी खरं कळल्यावर तो मुलगा म्हणून राहू लागला. एका माणसावरून काही ठरत नाही, हे मान्य. पण २००४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात जन्मजात दोषामुळे मुलगी म्हणून वाढवलेली १४ एक्सवाय मुलं होती. त्यांतल्या ८ जणांनी पुढे स्वतःला मुलगा म्हटलं. बाकीच्यांनी म्हटलं नाही, हेही तितकंच महत्त्वाचं.

जुळ्यांवरची माहितीही अशीच अर्धी बोलते. २०१२ च्या एका आढाव्यात एकसारख्या जुळ्यांच्या २३ जोड्यांपैकी ९ जोड्यांत दोघंही पारलिंगी होते, तर एकाच लिंगाच्या पण वेगळ्या बीजांच्या २१ जोड्यांत एकही अशी नव्हती. म्हणजे अनुवंशाचा वाटा दिसतो, पण सगळं त्याच्यावर नाही; नाहीतर २३ च्या २३ आल्या असत्या. शिवाय जोड्या थोड्याच.

‘पुरुषाच्या शरीरात बाईचा मेंदू’ हे वाक्य ऐकायला सोपं आहे, पण त्याचा आधार कच्चा आहे. १९९५ च्या डच अभ्यासात सहाच पारलिंगी स्त्रियांचे मेंदू मृत्यूनंतर तपासले होते आणि त्यांनी आयुष्यात इस्ट्रोजेन हे स्त्री-हार्मोनही घेतलेलं होतं. २०१५ मध्ये चौदाशेहून जास्त लोकांचे एमआरआय पाहिले, तेव्हा बहुतेकांचे मेंदू दोन्हीकडच्या गुणांची सरमिसळ निघाले.

प्रश्न : माझी पाच वर्षांची मुलगी फ्रॉक घालत नाही, दिवसभर पोरांत क्रिकेट खेळते. काळजी करावी का? – एक वडील, सेलू

उत्तर : नको. खेळ आणि कपडे म्हणजे आवड, ओळख नव्हे. खेळू द्या.

प्रश्न : मी आशा कार्यकर्ती आहे. गावात घरीच बाळंतपण झालं, बाळाचं लिंग स्पष्ट कळत नाही. घरचे लाजून कुणाला दाखवत नाहीत. – जिंतूर

उत्तर : ताई, हा लिंगओळखीचा प्रश्न नाही आणि थांबण्यासारखाही नाही. अशा बाळांत सीएएच हा मूत्रपिंडांवरच्या अधिवृक्क ग्रंथींचा जन्मजात विकार असू शकतो. त्यात शरीरातलं मीठ लघवीतून वाहून जातं आणि पहिल्या तीन आठवड्यांत बाळ उलट्या करतं, दूध ओढत नाही, सुस्त पडतं. जीवही जाऊ शकतो. आजच परभणीच्या जिल्हा रुग्णालयात किंवा छत्रपती संभाजीनगरच्या घाटी रुग्णालयात बालरोग विभागात न्या. सोडियम, पोटॅशियम, साखर, १७-ओएचपी (सीएएच ओळखणारी रक्ततपासणी; जन्मानंतर ४८ तासांनी घेतलेला नमुना भरवशाचा), सोनोग्राफी आणि कॅरिओटाइप लागतील. सीएएच निघाला तर हायड्रोकॉर्टिसोन हे औषध रोज, आयुष्यभर. ‘बाळ बरं दिसतंय’ म्हणून बंद केलं की बाळ पुन्हा कोसळतं. अवयवांच्या शस्त्रक्रियेची मात्र घाई नको. घरच्यांना ‘तपासण्या होईपर्यंत नाव ठेवू नका’ एवढंच सांगा.

प्रश्न : मी पारलिंगी स्त्री आहे, वय २३. मैत्रिणीच्या सांगण्यावरून मेडिकलमधून गर्भनिरोधक गोळ्या आणून रोज तीन घेते. चार महिने झाले, फरक कमी आहे. वाढवू का? – नांदेड

उत्तर : वाढवू नका, बंद करा. या गोळ्यांत एथिनिल इस्ट्राडिओल हे कृत्रिम इस्ट्रोजेन असतं. त्यानं रक्ताच्या गुठळ्यांचा धोका वाढतो, म्हणूनच या उपचारात ते वापरत नाहीत. अंतःस्रावतज्ज्ञ (हार्मोनचे डॉक्टर) साधं इस्ट्राडिओल देतात आणि सोबत टेस्टोस्टेरॉन दाबणारं औषध. ते औषध स्पायरोनोलॅक्टोन असेल तर पोटॅशियम तपासत राहावं लागतं. पहिल्या वर्षी दर तीन महिन्यांनी रक्त तपासतात. घाईचंही कारण नाही : स्तनांची वाढ तीन ते सहा महिन्यांत सुरू होते आणि पूर्ण व्हायला दोन-तीन वर्षं लागतात. आवाज इस्ट्रोजेननं बदलत नाही, त्याचा सराव वेगळा करावा लागतो. पुढे स्वतःचं मूल हवं असेल तर उपचार सुरू होण्याआधी शुक्राणू साठवण्याबद्दल विचारा, नंतर ते परत येतीलच असं नाही.

तंबाखू-सिगारेट असेल तर डॉक्टरांना लपवू नका. आणि एका पायाची पोटरी सुजून दुखू लागली, किंवा अचानक दम लागून छातीत कळ आली, तर अपॉइंटमेंटची वाट न पाहता थेट अपघात विभागात जा आणि कोणत्या गोळ्या, किती घेतल्या ते पहिल्यांदा सांगा.