दृश्यं छान, तरी माहितीपट पर्यटनाच्या जाहिरातीसारखा का वाटतो?

तुमचा प्रश्न असा आहे की रानावनातली ड्रोनची, धुक्याची दृश्यं झकास येतात, स्थानिक वारसाही टिपला आहे, पण फिल्म जाहिरातीसारखी वाटते. माझ्या मते दोष बहुधा आवाजात आहे. दृश्याखाली त्या जागेचा आवाज नसेल आणि नुसतं संगीत असेल, तर कुठलंही जंगल कुठलंही वाटतं.

उघड्यावर माइकची फोमची टोपी पुरत नाही. शॉटगन माइक (समोरच्या दिशेचा आवाज टिपणारा लांबट माइक) ब्लिंपमध्ये, म्हणजे वारा अडवणाऱ्या जाळीदार पिंजऱ्यात, घालून वर लांब केसांचं फर कव्हर चढवा आणि रेकॉर्डरचा लो-कट (खालचे घुमणारे आवाज कापणारा फिल्टर) ८० हर्ट्झच्या आसपास लावा. वाऱ्याची घरघर मुख्यतः त्याच्या खालीच असते. रेकॉर्डिंगची गुणवत्ता ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट ठेवा. बोलण्याची सर्वांत वरची पातळी रेकॉर्डरच्या मीटरवर उणे १२ डेसिबलच्या आसपास असू द्या. थोडा हळू आलेला आवाज नंतर वाढवता येतो, फाटलेला सहसा सुधारत नाही. प्रत्येक जागी किमान दोन मिनिटं नुसता परिसर रेकॉर्ड करा, आणि तेवढा वेळ अजिबात हलू नका, जॅकेटची चरचरही येते. मुलाखतीतले कट याच आवाजाने झाकले जातात.

मुलाखत ओढ्याकाठी घ्यायचा मोह टाळा. पाण्याचा आवाज खालपासून वरपर्यंत सगळ्या पट्ट्यांत पसरलेला असतो, तो गाळायला गेलात की बोलणंही पातळ होतं. शिवाय प्रत्येक कटला ओढ्याचा आवाज उडी मारतो. कॉलर माइक हनुवटीखाली साधारण वीतभर अंतरावर लावा, वायरीचा छोटा वेढा करून आतून टेपने चिकटवा.

वारसा म्हणजे कॅमेऱ्यासमोर बसवलेले आजोबा नव्हेत. टोपली विणणाऱ्याशी हात चालू असतानाच बोला. एक फेरा लांबून घ्या, पुढचा फक्त बोटांवर, मग पात्यावर, मग चेहऱ्यावर. बांबू कुठून तोडला, कोणत्या महिन्यात, ओला का नको, हे विचारा आणि बांबूच्या त्याच बेटापर्यंत त्यांच्याबरोबर जा. तिथे निसर्ग आणि माणूस आपोआप जोडले जातात. पूजाविधी मात्र पुन्हा करून दाखवायला सांगू नका. काय चित्रित करायचं नाही ते आधी विचारून घ्या, आणि देवराई किंवा दुर्मिळ वनस्पतीच्या फुटेजमधून जीपीएस नोंद काढून टाका.

टाइमलॅप्स (ठरावीक अंतराने काढलेले फोटो जोडून केलेलं वेगवान दृश्य) हवाच असेल तर ढगांसाठी दोन फोटोंत ५ सेकंदांचं अंतर ठीक. सेकंदाला २५ फ्रेमच्या हिशेबाने १० सेकंदांच्या दृश्याला २५० फोटो, म्हणजे साधारण २१ मिनिटं लागतात. एक्स्पोजर, व्हाइट बॅलन्स, फोकस सगळं मॅन्युअल, नाहीतर चित्र लुकलुकतं.

थंडीत बॅटऱ्या आतल्या खिशात ठेवा. गारठलेला कॅमेरा उबदार खोलीत नेण्याआधी बाहेरच हवाबंद पिशवीत घाला आणि तो खोलीच्या तापमानाला येईपर्यंत उघडू नका. घाई केलीत तर लेन्सच्या आतल्या काचांवरही बाष्प बसतं आणि ते पुसता येत नाही.